अण्णांची दिमडी

प्रार्थनेत पापांची कबुली देताना एक पाप मी वर्षानुवर्षं वगळत आलो. देवाला सगळं कळतं, मग सांगायचं कशाला, अशी पळवाट मी काढली होती. ते पाप म्हणजे सुधाकरबद्दलचा मत्सर.

माझे वडील, ज्यांना सगळं गाव अण्णा म्हणायचं, शेतमजूर होते आणि आमच्या ख्रिस्ती मंडळीच्या भजनात दिमडी वाजवायचे. हाताच्या पंजात मावणारं ते छोटं वाद्य. लाकडी कड्यावर एकाच बाजूनं ताणलेलं कातडं. मी आणि शेजारचा सुधाकर, दोघंही त्यांच्याकडेच शिकलो. माझा हात चांगला होता, असं अण्णाच म्हणायचे. पण मी बारावीला असताना एके दिवशी शाळेतून आलो तर खुंटीवर दिमडी नव्हती. "सुधाकरला दिली. तू अभ्यास कर," एवढंच ते बोलले. मी रागानं दोन दिवस त्यांच्याशी बोललो नाही. निकाल लागायच्या आधीच अण्णा गेले, आणि विचारायचं राहून गेलं.

मी शिकलो. घराण्यातला पहिला पदवीधर झालो, संगमनेरला शिक्षक म्हणून लागलो. सुधाकर दहावीतच शाळा सोडून गाण्याकडे वळला. तो आधी लग्नाच्या वरातीत वाजवायचा, मग लोकगीतांचे कार्यक्रम करू लागला, आणि आता त्याचा आवाज पोरांच्या मोबाईलमध्ये आहे. वर्गातल्या मुली विचारायच्या, "सर, ते तुमच्या गावचे ना? तुम्ही ओळखता त्यांना?" मी म्हणायचो, "थोडंफार." टीव्हीवर त्याच्या हातात ती दिमडी दिसली की मी उठून आत जायचो. बायको हसायची. "पोटात दुखतंय का? ओवा देऊ?" तिची थट्टा मला झोंबायची, कारण ती खरी होती.

गेल्या सुगीच्या सणाला गावच्या मंडळीनं सुधाकरचा सत्कार ठरवला. मानपत्र लिहून वाचायचं काम माझ्याकडे आलं. पाळकसाहेब म्हणाले, "तुमच्याइतकं शिकलेलं आणि त्याला जवळून ओळखणारं दुसरं कोण आहे?" मी त्याचं सगळं आयुष्य लिहून काढलं. त्याची गाणी, त्याचे दौरे, जुनी लोकगीतं म्हाताऱ्या बायांकडे बसून गोळा करण्याची त्याची चिकाटी. अक्षर वळणदार काढलं. फक्त अण्णांचं नाव कुठेच घातलं नाही. ते घातलं असतं तर लोकांनी विचारलं असतं की बापाची दिमडी पोराला का नाही मिळाली.

सणाच्या सकाळी आभाळ भरून आलं होतं. मंडळी ज्वारीच्या पेंढ्या, भोपळे, कोंबड्या अर्पणाला घेऊन देवालयात येत होती. मागच्या अंगणात जेवणाचं चुलवण पेटलं होतं. सुधाकर गाडीतून उतरला तो थेट माझ्याकडे आला. "मास्तर, गारठ्यानं कातडं ढिलं पडलंय. जरा तापवून ठेव ना. लोकं मला सोडत न्हाईत, आन् दुसऱ्या कुनाच्या हातात मी ती देत न्हाई." आणि त्यानं दिमडी माझ्या हातात ठेवली.

ती किती अंतरावर धरायची हे माझ्या हाताला अजून ठाऊक होतं. तरी मी ती चुलवणाच्या दगडाला, निखाऱ्यांच्या अगदी जवळ टेकवून ठेवली आणि पाठ फिरवली. चूक झाली म्हणता येईल, असं मी मनात ठरवूनही टाकलं. आता तडकेल, आता तडकेल, म्हणत मी देवालयाच्या भिंतीकडे बघत उभा राहिलो.

"मास्तर, भाकर असू द्या न्हाईतर कातडं, नजर हटली की करपतं."

मी वळलो. एक म्हातारी बाई पदरानं दिमडी उचलत होती. तिनं बोटानं एक टिचकी मारली, कान लावला, आणि ती माझ्या हातात दिली. "घ्या. वाचली. अजून बोलतीय."

"तुम्ही कुठल्या, आजी?"

"पाव्हनी हाय," म्हणाली आणि बायकांच्या गर्दीत गेली.

कातड्याच्या कडेला नखाएवढा तपकिरी डाग पडला होता. मी तो अंगठ्यानं झाकून दिमडी सुधाकरला दिली. मानपत्र वाचताना माझा आवाज मला परका वाटत होता.

सुधाकर उत्तराला उभा राहिला. "मानपत्रात एक गोष्ट राहिली. मास्तरांची चूक न्हाई, त्यांना ती ठावच न्हाई. ही दिमडी अण्णांनी मला दिली न्हवती, ठेवायला दिली हुती. म्हनाले, पोराची परीक्षा हाय, ही घरात असली की त्याचा हात तिच्याकडंच जातो. पास झाला की त्याची त्याला दे. अण्णा गेले, हा पास झाला, आन् माझं मन फिरलं. मी दिली न्हाई. इतकी वर्षं टाळ्या वाजल्या की मला भ्या वाटायचं, मास्तर उठून म्हनंल, ती माझी हाय."

त्यानं सगळ्यांसमोर दिमडी माझ्यापुढे धरली. ती अजून कोमट होती. मी त्याच्या कानाशी वाकून म्हणालो, "सुधाकर, मी मघाशी ही जाळायला निघालो होतो."

त्यानं दिमडी नाकाशी नेली. मग ओल्या डोळ्यांनी हसला. "तरीच लेका, वास येत हुता."

दिमडी मी त्याच्याकडेच ठेवली. पण त्या दिवशी एक भजन त्यानं मला वाजवायला लावलं. माझा हात दोनदा चुकला, तो सांभाळून गात राहिला.

जेवणाच्या पंगतीत मी त्या आजींना शोधलं. कुणाच्या पाहुण्या, कोणत्या टेम्पोतून आल्या, कुणालाच सांगता आलं नाही. मी त्याचा अर्थ लावत बसत नाही. ज्यानं त्यांना त्या घडीला चुलवणापाशी आणलं, त्याचे आभार मानतो. अण्णांनी माझ्यासाठी आपली आवडती वस्तू घराबाहेर काढली आणि मी त्यालाच अन्याय समजून उराशी धरलं होतं.

मत्सर अजून येतो. टीव्हीवर सुधाकर दिसला की हमखास येतो. पण आता मी उठून आत जात नाही. आणि प्रार्थनेत ते पाप वगळत नाही. सगळ्यात आधी त्याचंच नाव घेतो आणि ते देवाच्या हाती देतो. माझ्या हाती राहिलं तर मी काय करतो, हे मी पाहिलं आहे.