परत भरलेली ओटी

थेरगावात रुक्मिणीबाई माझ्या शेजारी राहायची. नवरा उद्धवराव सरकारी बांधकाम खात्यात ओव्हरसियर. त्रेपन्न साली त्यानं वर कळवलं, की गावच्या नव्या शाळेच्या भिंतीत सिमेंट कमी, मातीच जास्त, आणि त्याचाच साहेब कंत्राटदार मालोजीला सामील आहे. पुण्याच्या वर्तमानपत्रात ते नावानिशी छापून आलं. झालं! गावानं त्या घराशी बोलणं टाकलं. अर्ध्या गावाच्या चुली मालोजीच्या कामावर पेटत होत्या. माझा नवराही त्याच्याकडेच गवंडी.

रुक्मिणी आधीच संशयी. आता तर कौलावर कावळा बसला तरी म्हणायची, "याला कुणी धाडला?" दूधवालीनं सहज विचारलं, "मालक कवा येत्यात?" तर तिचं दूधच बंद केलं बाईनं! मी चिडायचे. "अगं, मी तरी तुझी हाय का न्हाई?"

शाळेच्या कामाच्या चौकशीचा दिवस जवळ आला तशी मालोजीची बायको सुमनताई भरदुपारी तिच्या दारात. हातात खण, नारळ, गहू. "पुरुषांचं पुरुषांपाशी. सवाष्णीनं मनात धरू नये." आता समोर आलेली ओटी कोण नाकारतं? आमच्यात तरी कुणी नाही. साऱ्या जगावर संशय घेणाऱ्या बाईनं मुकाट पदर पसरला. मग गहू निवडायला बसली, तर सुपात गळ्यातल्या माळेची सोन्याची पुतळी!

पुतळी मुठीत धरून माझ्याकडे आली. "लाच घेतली म्हणतील, आक्का. यांचं खरंही खोटं ठरेल. नोकरी जाईल, वर तुरुंग." आणि लगेच, "तूच तर कुणाला सांगणार नाहीस ना?" काय म्हणावं हिला!

दुसऱ्या दिवशी सुमनताईकडे चैत्राचं हळदीकुंकू होतं; मीही गेले होते. रुक्मिणी बोलावणं नसताना गेली. भरल्या घरात म्हणाली, "सुमनताई, पदर पुढं करा." खण, नारळ, गहू घातले आणि वर सगळ्यांना दिसेल अशी पुतळी ठेवली. "तुमची आमच्या गव्हात आली होती." सुमनताई पांढरीफटक पडली. पण एवढ्या सवाष्णींदेखत पदर मागं कसा घेणार?

पुतळी परत आल्याचं नवऱ्याला सांगायची सुमनताईची छाती झाली नसावी. कारण चावडीवर चौकशीला वरून आलेल्या साहेबापुढं मालोजी छातीठोक म्हणाला, "ओव्हरसियरच्या बायकोनं आमचं सोनं नेलंय. घराची झडती घ्या!"

"मी परत केलं," रुक्मिणी म्हणाली. "बायकांदेखत."

"कुणी पाहिलं?" साहेबानं विचारलं. सगळ्या माना खाली. माझा नवरा माझ्याकडे डोळे वटारून बघत होता. माझी जाम तंतरली होती, पण राग त्याहून मोठा होता. मी उठले. "म्या पाह्यलं."

उद्धवरावाचं म्हणणं टिकलं. माझ्या नवऱ्याचं काम त्याच दिवशी सुटलं.

तरी मी आनंदानं पोळ्या केल्या आणि रुक्मिणीला द्यायला गेले. तिनं दार अर्धंच उघडलं. ताटलीकडे बघितलं, मग माझ्याकडे.

"आक्का," ती हळूच म्हणाली, "आधी तू खा."

माझ्या अंगाचा नुसता तिळपापड झाला. ताटली तिथंच आपटावीशी वाटली. पण तिचा हात दाराच्या कडीवरून निघत नव्हता. मी उंबऱ्यावर बसले, पोळी मोडली आणि तिच्या डोळ्यांदेखत खाल्ली.