व्हिएन्नाचं बिल, बालाजीचं तिकीट

हातातला चहा आधी खाली ठेवा. मागच्या खेपेला हा घोटाळा सांगताना एकाच्या पांढऱ्या सदऱ्याचं वाटोळं झालं होतं. आणि हसायचं तर मला हसा, आमच्या इवायांना नको. त्या देवमाणसाची यात काडीची चूक नाही.

इवाई म्हणजे आमच्या लेकीचे सासरे, बापूसाहेब. शिरोळला त्यांचा ऊस, शाहूपुरीत माझं मोटारपंपांचं दुकान. एका रविवारी ते आणि विहीणबाई आमच्याकडं जेवायला आले. जेवणं झाली आणि बापूसाहेब फोन काढून सोफ्यावर बसले. विहीणबाईंना विमानानं बालाजीला न्यायचं त्यांनी कबूल केलं होतं. दोघंही जन्मात कधी विमानात बसले नव्हते. विहीणबाई मधून मधून डोकावून विचारत होत्या, "खिडकी गावंल न्हवं?"

आता मला सांगा, तिकीट हा शब्द कानावर पडल्यावर कोल्हापूरचा माणूस गप्प बसेल का? आमच्यात पावणा निघाला की त्याला पोचवायला स्टँडवर जायचं, कंडक्टरला खिडकीतनं ओरडून सांगायचं, "ह्यांचं तिकीट माझ्याकडं," आणि गाडी हलेपर्यंत पावण्याशी झटापट करायची. हा रिवाज यष्टीला लागू, तर विमानानं काय घोडं मारलंय?

"पावणं, फोन हिकडं आणा."

"आवं न्हाय, विमानाचं हाय त्ये."

"असू दे की. माझ्या घरात बसून तुम्ही तिकीट काढायचं? शेजारी काय म्हणतील?"

त्यांनी फोन ओढला, मी ओढला. विहीणबाई मधे पडल्या, माझी बायको शालन मधे पडली, सोफ्याची एक उशी शहीद झाली. शेवटी मी जिंकलो आणि माझ्या कार्डाचे आकडे दाबले. "रक्कम तरी बघा की," बापूसाहेब कळवळून म्हणाले. मी मान वळवली आणि भिंतीवरच्या घड्याळाकडं बघत बटण दाबलं. पावण्याच्या तिकिटाची किंमत बघायची नसते. बघणारा माणूस कसला?

पुढं कार्डाचं बिल आलं. ते आमच्याकडं शालन वाचते. वाचता वाचता तिनं चष्मा काढला, पुसला, परत घातला.

"अवं, तुम्ही व्हिएन्नाला कधी गेलतासा?"

"कुठं?"

"व्हिएन्ना. ट्रॅव्हल म्हणून लिवलंय. रक्कम बघा."

मी बघितली आणि खुर्चीत बसलो. अहो, मी संकेश्वरला जायचं तरी घरात सांगून जातो. कुठल्यातरी तीन अक्षरी इंग्रजी कंपनीनं व्हिएन्नात बसून माझ्या कार्डावर प्रवास केला होता. इवायांचं तिकीट डोक्यात आलं का? छे. कोल्हापूरहून तिरुपतीला जाताना व्हिएन्ना कुठं लागतं?

"खरं सांगा," शालन म्हणाली, "कुणाबरुबर गेलतासा?"

म्हणजे आता नुसते पैसे नाहीत, अब्रूही पणाला लागली. मी तिच्यासमोरच बँकेला फोन लावला. पलीकडं एक मुलगी, आवाज असा की ऐकून अर्धा ताप उतरावा. कार्ड तुमच्याजवळच आहे का? आहे. तुम्ही हा व्यवहार केलात का? नाही. तुमच्या ओळखीच्या कोणी केला असेल का?

"बाई," मी म्हणालो, "आमच्या ओळखीतलं सगळ्यात लांब गेलेलं माणूस गोव्याला गेलंय. अंबाबाईची शपथ, ह्ये मी केलेलं न्हाय आणि माझ्या वळखीच्या कुणीबी केलेलं न्हाय."

"काळजी करू नका सर. परदेशातल्या काही कंपन्या ओटीपी मागत नाहीत, त्यामुळं असे प्रकार होतात. आपलं कार्ड मी बंद करते आणि तक्रार नोंदवते."

आणि तिनं विश्वास ठेवला हो. माझ्या शब्दावर इतक्या पटकन आजवर कुणीही विश्वास ठेवलेला नाही, घरात तर नाहीच. चहाला उकळी फुटायच्या आत फोनवर मेसेज आला, तुमचं कार्ड बंद. दोन दिवसांत दुसरा आला, तुमची रक्कम तूर्त परत. मी थक्क झालो. कुठं व्हिएन्ना, कुठं शाहूपुरी, आणि मी बनियनवर बसून त्या लोकांच्या खिशातनं पैसे ओढून आणले होते. त्या रात्री कितीतरी वेळ मी फोन हातात धरून नुसता बघत बसलो. केवढी ही व्यवस्था, आणि ती एका पंपवाल्याचं ऐकते.

मग काय, गल्लीत मी तज्ज्ञ झालो. लोक बिलं घेऊन दुकानात यायला लागले. पंप एक खपला नाही, पण मान किती वाढला म्हणून सांगू.

जायचा दिवस उजाडला. बापूसाहेबांना पोचवायला उजळाईवाडीच्या विमानतळावर निम्मं शिरोळ आलं होतं. दोन जीपा, हार, आणि हलगीवालासुद्धा. बापूसाहेबांना फेटा, विहीणबाईंना नवी इरकल. मी तिकीट काढणाऱ्याच्या थाटात सगळ्यांच्या पुढं उभा. तेवढ्यात समोरनं एक विमान उतरलं आणि हलगी आपोआप थांबली. विहीणबाईंनी त्याला हात जोडले. खरं सांगतो, माझेही जोडले गेले.

पाच मिनिटांत दोघं दारावरनं परत आले. विहीणबाईंचा चेहरा पार उतरला होता.

"तिकीट रद्द झालंय म्हणत्यात," बापूसाहेब म्हणाले.

"कोण म्हणतंय?" माझा आवाज असा चढला की सुरक्षेचा जवान वळून बघायला लागला. "मी सोता पैसं भरल्यात. कुठल्या गाढवानं रद्द केलं?"

"ईमेल आलाय म्हणं कंपनीचा. आमी कुठं बघतोय ईमेल? तुम्हीच वाचा."

मी फोन घेतला. सगळं शिरोळ भोवती जमलं. मी एकेक ओळ इंग्रजीत वाचून मराठीत सांगायला लागलो, खणखणीत आवाजात.

"ह्यो म्हणतोय, आपलं तिकीट रद्द करण्यात येत आहे. कारण कार्डाच्या मालकानं बँकेत तक्रार केली आहे."

"कोण मालक?" मागनं कुणीतरी विचारलं.

"थांबा की. मालकानं सांगितलंय की हा व्यवहार मी किंवा माझ्या ओळखीच्या कोणीही..."

पुढची ओळ डोळ्यांना दिसत होती. ह्याच तिकिटाचे पैसे घेतलेल्या कंपनीचं नाव तेच तीन अक्षरी होतं आणि खाली पत्ता होता व्हिएन्नाचा.

शाहूपुरीतल्या एका खुर्चीत बसून मी आकाशातल्या दोन खुर्च्या रिकाम्या केल्या होत्या, त्याही अंबाबाईची शपथ घेऊन. हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हेच. शालननं माझ्याकडं बघितलं आणि तिला सगळं कळलं. तोंडावर पदर धरून ती जीपच्या पलीकडं गेली. रडायला की हसायला, ते मी आजवर विचारलेलं नाही.

"वाचा की फुडं," बापूसाहेब म्हणाले.

मी वाचलं. काय करणार? सगळं सांगून टाकलं. मग पळत तिकीट खिडकीवर गेलो. देवाच्या कृपेनं दोन जागा शिल्लक होत्या. मी रुबाबात कार्ड पुढं सरकवलं. मशीन कूं करून गप्प झालं.

"सर, हे कार्ड बंद केलेलं आहे."

"कुणी?"

"कार्डाच्या मालकानं."

मागनं बापूसाहेबांचा हात आला. त्यांनी शांतपणे आपला फोन पुढं धरला, पैसे भरले आणि विहीणबाईंसाठी खिडकीची जागा मागून घेतली. अशा माणसाच्या मनाचा मोठेपणा बघून मला भरून आलं. मी त्यांची बॅग उचलली आणि पायात पाय अडकवत दारापर्यंत मागं मागं गेलो.

दारावर जवानानं मला अडवलं. "तिकीट?"

"न्हाय, मी ह्यांचा इवाई. पोचवायला आलोय."

जवानानं बापूसाहेबांकडं बघितलं. "तुमच्या ओळखीचे आहेत का?"

बापूसाहेबांनी माझ्या हातातनं बॅग काढून घेतली, फेटा सारखा केला आणि म्हणाले, "आमी कशाला न्हाय म्हणू? पर त्येंनी बँकेत शपथेवर सांगितलंय, वळख न्हाय म्हणून."