काटेरी सरड्यासाठी थांबलेला रस्ता

सासूबाई साताऱ्याहून तीन महिन्यांसाठी आमच्याकडे सिडनीतल्या क्वेकर्स हिलला आल्या आणि चौथ्याच आठवड्यात म्हणाल्या, मॉल पुरे झाले, आता तुमचं इथलं रान दाखवा. मी आणि माझा नवरा निखिल वर्षभर पश्चिम ऑस्ट्रेलियातल्या शार्क बेचे फोटो बघून उसासे टाकत होतो. जेवणं व्हायच्या आत तिकिटं काढली!

विमानाने पर्थ, तिथून भाड्याची फोर-व्हील ड्राइव्ह, वाटेत जेराल्डटनला मुक्काम. साधारण साडेआठशे किलोमीटर. पेट्रोल आणि पाणी मिळेल तिथे भरून घ्या, अंधार पडायच्या आत पोचा. कांगारू आडवे येतात. आईंच्या, म्हणजे सासूबाईंच्या, दशम्या शार्क बेमधल्या डेनहॅम गावापर्यंत पुरल्या.

तिथून जवळच्या फ्रान्स्वा पेरॉन नॅशनल पार्कात शिरताना टायरमधली हवा कमी करावी लागते, नाहीतर गाडी वाळूत रुतते. पुढे सगळं लालभडक वाळवंट, आणि ते संपतं थेट समुद्रात. पाणी इतकं निळं की मला उगाचच हसू फुटलं. कड्यावरून खाली चक्क शार्क आणि पाकट मासे पोहताना दिसले. निखिल फोटो काढायचंच विसरला.

तिथल्या रेंजरबाईंनी सांगितलं, बाहेरून आलेली मांजरं आणि कोल्हे लांब कानांच्या बिल्बीसारखे इथले छोटे प्राणी संपवत होते, म्हणून कुंपण घालून त्यांना आवर घातला. आमच्याकडे मागणं एकच, गाडी हळू चालवा.

परतताना वाटेत काटेरी सरडा! तळहाताएवढा, अंगभर काटे. एक पाऊल उचलायचा, झुलायचा, विचार करायचा, मग टेकवायचा. तेवढ्यात समोरून बोट ओढत एक यूट, म्हणजे मागे उघडा हौदा असलेली गाडी, येताना दिसली.

घरात पाल निघाली तर आई स्वयंपाक टाकून अंगणात जातात. त्याच आई गाडीतून उतरल्या आणि सरड्याच्या पुढे जाऊन, दोन्ही हात पसरून उभ्या राहिल्या.

यूट थांबली. पांढऱ्या दाढीचा एक माणूस उतरला. आईंनी त्याला सरळ मराठीत सांगितलं, "थांब जरा बाबा, त्याला जाऊ दे."

त्याने वाकून पाहिलं. "नो वरीज, लव्ह," आईंना म्हणाला. मग सरड्याला, "टेक युअर टाइम, मेट."

सरडा झुडपात शिरेपर्यंत आम्ही चौघं उन्हात उभे होतो, शाळेतल्या पोरांसारखे हसू दाबत.

सिडनीला परतून आठवडा झाला. बिल्बी काही दिसला नाही, आणि त्याची रुखरुखही नाही. बारा वर्षं मी आईंना भित्र्या समजत होते. काल चहा घेताना विचारलं, भीती नाही का वाटली?

"वाटली ना," त्या म्हणाल्या. "पण तो किती हळू चालत होता गं."