बावीस मिनिटांचा प्रवेश

आठ-नऊ वर्षांपूर्वीची गोष्ट आहे. मी पिंपरीतल्या एका कारखान्यात टाइम स्टडी विभागात होतो. कामगाराच्या बाजूला स्टॉपवॉच घेऊन उभं राहायचं, एक नग पुरा व्हायला किती मिनिटं लागतात ते मोजायचं, दहा नगांची सरासरी काढायची आणि कार्डावर आकडा लिहून सही करायची. त्या आकड्यावर दिवसाचे नग ठरायचे. माझ्या सहीचा आकडा चुकल्याचं तोवर कुणी दाखवलं नव्हतं, आणि या गोष्टीचा मला अभिमान होता.

मी शॉपच्या, म्हणजे कामाच्या शेडच्या, दारात पाऊल टाकलं की आत कुणीतरी खोकायचं. एकदाच, कोरडं. सुरुवातीला वाटलं, रबराच्या भुकटीचा त्रास असेल. पुढे कळलं, ती मी आल्याची खूण होती. पण खोकल्याबद्दल कुणाला जाब विचारता येत नाही.

त्या वर्षी आमच्या वायरिंग सेक्शनच्या लोकांनी कामगारांच्या नाट्यस्पर्धेत उतरायचं ठरवलं. नाटक ठरलेल्या वेळेपेक्षा लांबलं तर गुण कापले जायचे, म्हणून वेळ बघायला माणूस हवा होता. कुणीतरी टोमणा मारला की घड्याळवाल्यालाच घ्या, नाहीतरी दिवसभर दुसऱ्यांच्या कामाकडे बघतच असतो. टोमणा होता तरी मी गेलो. मुलांच्या परीक्षा संपल्या होत्या आणि संध्याकाळी घरात माझं काही अडत नव्हतं.

दिग्दर्शक होते नगरपालिकेच्या शाळेतले एक मास्तर. संत तुकाराम नगरात आमच्यापासून दोन इमारती सोडून राहायचे. तालमी त्यांच्याच शाळेच्या वर्गात, बाकं भिंतीला सरकवून, पहिली शिफ्ट सुटल्यावर पाच ते सात. मास्तरांना युरोपातल्या नाटककारांचं वेड होतं. पुण्याहून जाडजूड इंग्रजी पुस्तक आणायचे आणि पहिला अर्धा तास त्यातलंच सांगायचे. पाऊणशे-शंभर वर्षांपूर्वी तिकडे थंड मुलखात काही माणसांनी नाटकातले राजे, तलवारी आणि लांबलचक स्वगतं काढून टाकली होती. एक नॉर्वेचा, तरुणपणी औषधाच्या दुकानात उमेदवारी केलेला. त्याने सभ्य घरांतल्या खोट्या गोष्टी दिवाणखान्यात आणून मांडल्या. एक स्वीडनचा, जगाशी भांडण असलेला. पडद्यावर रंगवलेली भांडी आणि दार लावलं की हलणाऱ्या कापडी भिंती त्याला सहन होत नसत. आणि पॅरिसात गॅस कंपनीतला एक कारकून, त्याने आपल्या आईच्या घरातलं सामान हातगाडीवर घालून रंगमंचावर नेलं होतं.

हा कारकून मला आवडला. बाकीच्यांना या सगळ्याचं फारसं कौतुक नव्हतं. एकजण म्हणाला, नवरा-बायको खोलीत बसून भांडतात हेच नाटक असेल तर आमच्या चाळीत रोज तीन खेळ होतात, तेही फुकट. पण मास्तरांनी एका जर्मन नाटककाराची गोष्ट सांगितली तेव्हा सगळे गप्प झाले. त्याने विणकरांवर नाटक लिहिलं होतं आणि त्यात नायक कुणी एक नव्हताच, सगळे विणकर मिळून नायक. मागून कुणीतरी विचारलं, "त्यांचा टाइम कोण काढायचं, मास्तर?" सगळे माझ्याकडे बघून हसले. मीही हसलो. पण तो प्रश्न मला घरी जाईपर्यंत टोचत राहिला.

मास्तर एक गोष्ट पुन्हा पुन्हा सांगायचे. खोलीची चौथी भिंत काढली आहे असं समजा. प्रेक्षक त्या भिंतीच्या जागी बसलेत, पण आतल्या माणसांना ते माहीत नाही. आपल्याकडे कुणी बघतंय हे ज्याला माहीत नाही, तोच खरा वागतो. मी हे नीट ऐकून घेतलं. माझ्या पंधरा वर्षांच्या नोकरीत ही अट एकदाही पुरी झाली नव्हती, हे मात्र तेव्हा माझ्या डोक्यात आलं नाही.

नाटक मास्तरांनी स्वतःच लिहिलं. पहिला प्रवेश शॉपमधला. एका वायरमनचा धाकटा भाऊ गावाहून कायमचा राहायला येणार आहे, खोली एकच आहे, आणि त्यावरून त्याचं शेजारच्या कामगाराशी बोलणं वाढत जातं. बोलताना हात चालू राहायला हवेत. पडदा उघडताना हार्नेस सुरू करायचा आणि पडदा पडताना तो तयार व्हायला हवा, खोटं काही करायचं नाही, अशी मास्तरांची अट. हार्नेस म्हणजे गाडीतल्या वायरींची जुडी. खिळे ठोकलेल्या लाकडी पाटावरून रंगीत वायरी ओढायच्या आणि मेणाच्या दोऱ्याने जागोजाग गाठी मारायच्या. मास्तरांनी मला विचारलं, एकाला किती वेळ लागतो? मी म्हणालो, बावीस मिनिटं. कार्ड बघायचीही गरज नव्हती. मास्तरांनी संवाद बावीस मिनिटांचेच बांधले. मी स्टॉपवॉच धरून वाचून घेतले, कुठे दोन वाक्यं घालायला लावली, कुठे चार काढायला.

वायरमनचं काम करणारा खराच वायरमन होता. दुष्काळात उस्मानाबादकडून आलेला, भोसरीत खोली घेऊन राहणारा, सेक्शनमधले सगळ्यात चांगले हात त्याचे. मी बावीसचा आकडा काढला होता तो त्याच्याच पाटावर.

दोन आठवडे तालीम रिकाम्या हातांनी झाली. मग परवानगी घेऊन एक जुना पाट शाळेत आणला. त्या संध्याकाळी मी कोपऱ्यात बाकावर बसलो होतो. वायरमन बोलण्यात इतका गुंतला होता की हातांकडे त्याचं लक्षच नव्हतं. एकीकडे भावाची बाजू मांडत होता, दुसरीकडे वायरी खिळ्यांतून सरसर जात होत्या. संवाद निम्म्याच्या थोडे पुढे गेले होते आणि त्याने शेवटची गाठ मारून हार्नेस पाटावरून उचलला. उचलला आणि तसाच थांबला. मग त्याने माझ्याकडे बघितलं.

मी घड्याळ बघितलं. चौदा मिनिटं आणि काही सेकंद.

मास्तर म्हणाले की छान झालं, फक्त जरा घाई झाली, पुन्हा घ्या. पुन्हा घेतलं तेव्हा हात बावीस मिनिटं पुरले. मास्तर वैतागले. "आत्ता तुम्ही अभिनय करताय. मघाशी करत नव्हता. मघाचंच पाहिजे मला." वायरमन खाली बघून दोरा गुंडाळत राहिला. खोलीत आठजण होते. त्यांतल्या सात जणांना काय झालं ते कळलं होतं, एकट्या मास्तरांना नाही.

त्या रात्री मी हिशेब मांडला. चारशे चाळीस मिनिटांची पाळी धरली तर बावीसने वीस नग होतात, चौदाने एकतीस. सेक्शनमध्ये चाळीस माणसं. नेमकं त्याच महिन्यात आमच्या साहेबांनी सगळ्या जुन्या कार्डांची तपासणी काढली होती. ज्या कामांना वेळ सैल दिला आहे त्यांची यादी मला महिनाअखेर द्यायची होती. वायरिंगचं नाव यादीत गेलं तर चाळीस जणांना रोज जास्तीचे नग काढावे लागणार. नाही गेलं तर माझी सही खोट्यावर.

मी सरळ मार्ग धरला. तीन दिवस शॉपमध्ये जाऊन पुन्हा मोजलं. दारात खोकला झाला, मी पाटाशी उभा राहिलो, आणि तिन्ही दिवस सरासरी बावीसच आली. एकदा बावीसच्या वर अकरा सेकंद. वहीत बावीस, डोक्यात चौदा, असं माझं झालं. घरात धड बसवेना. एका सकाळी मी स्वयंपाकघराच्या दारात उभा राहून बायको भाकरी थापते ते बघत होतो. तिने दोनदा मान वळवली आणि म्हणाली, "तुम्ही असे उभे राहिलात की भाकरी फुटते. काही हवंय का? नसेल तर बाहेर बसा."

मी बाहेर बसलो, पण बसून राहवलं नाही. संध्याकाळी तालमीआधी वायरमनला शाळेच्या नळापाशी गाठलं आणि स्पष्ट विचारलं की खरा आकडा कोणता. तो नळ बंद करून हात झटकत राहिला. रागावला नाही.

"साहेब, चौदात एक होतंय. चौदानं दिवसभर कराया लागलो तर बोटं राहतील का?"

मग बावीस हा आकडा खोटा ना, असं मी म्हणालो.

"खोटा कसा? तुम्ही घड्याळ घेऊन हुबे राहिले की हात आपसूक बावीसवर येतेत. आता मी म्हणलं तरी चौदावर येत न्हाईत."

मी त्याच्या मागोमाग वर्गात गेलो.

इकडे मास्तर हट्टाला पेटले होते. संवाद चौदा मिनिटांचे करतो म्हणाले, हात मात्र खरे हवेत. स्पर्धेला पहिल्या रांगेत आमचे साहेब बसणार होते. त्यांनी मनगटावरच्या घड्याळात एकदा बघितलं असतं तरी पुरलं असतं. सगळे माझ्याकडे बघत होते आणि मी काय बोलतो याची वाट बघत होते. मी म्हणालो, मास्तर, शॉपमध्ये माणूस एकटा नसतो, बाजूला घड्याळवाला उभा असतो. तो नाटकात घाला. मी स्वतः उभा राहतो.

मास्तरांनी टेबलावर थाप मारली. त्यांना ते फार आवडलं. खरा कामगार, खरा पाट, खरा घड्याळवाला. गॅस कंपनीच्या कारकुनालाही जमलं नव्हतं म्हणाले. फक्त मी मध्येच प्रवेश करावा असा त्यांचा आग्रह होता. मी म्हणालो, नाही, पडदा उघडल्यापासून. कारण विचारलं तेव्हा, शॉपमध्ये तसंच असतं, एवढंच सांगितलं. ते खरंही होतं आणि पुरं खरंही नव्हतं. तालमीत मी शेजारी उभा राहिलो आणि प्रवेश बावीस मिनिटांत बसला.

स्पर्धेच्या दिवशी हॉल भरला होता. मागच्या रांगांत आमचा सगळा सेक्शन, पुढे परीक्षक आणि साहेब. मी बारा वाजता इस्त्री करून आणलेला तोच रोजचा बुशशर्ट घालून, हातात स्टॉपवॉच धरून उभा होतो. मला एकही वाक्य नव्हतं. पडदा उघडला.

इतक्या जवळून आणि आकडा न लिहिता मी ते हात कधी बघितले नव्हते. सरळ असलेली वायर पुन्हा सरळ केली जात होती. बसलेली गाठ अंगठ्याने दोनदा चाचपली जात होती. दोरा कापायच्या आधी कात्री उगाच एकदा उघडून मिटत होती. प्रत्येक गोष्ट पटण्यासारखी, आणि प्रत्येक गोष्टीत काही सेकंद. पंधरा वर्षं मी हेच काम म्हणून मोजत आलो होतो.

नवव्या-दहाव्या मिनिटाला भांडण पेटलं. शेजारी म्हणाला की भावाला परत पाठव, बायकोला कशाला त्रास. वायरमनचा आवाज चढला, डोळे भरले, आणि हात सुटले. चाचपणं थांबलं, कात्रीचं उघडणं थांबलं. वायरी सरसर जायला लागल्या. मी मनातल्या मनात हिशेब केला. या गतीने पडदा पडायच्या चार-पाच मिनिटं आधीच हार्नेस उचलला जाणार होता. पहिल्या रांगेत साहेब पुढे झुकले. त्यांची नजर पाटावर होती, आणि मग त्यांनी डावी बाही किंचित वर सारली.

मी खोकलो. एकदाच, कोरडं.

हात जागच्या जागी मंदावले. अंगठा गाठीवर दोनदा फिरला. मागच्या रांगांतून हसू फुटलं. आधी दोन-चार, मग रांगाच्या रांगा. इतकं की शेजाऱ्याला पुढचं वाक्य थांबवून धरावं लागलं. वायरमनने मान वर केली नाही, पण त्याची पाठ हसत होती. प्रवेश संपला तेव्हा माझ्या घड्याळात बावीस मिनिटं नऊ सेकंद झाली होती.

बक्षीस मिळालं नाही. परीक्षकांनी कामाचं दृश्य हुबेहूब असल्याचं सांगितलं, गंभीर प्रसंगात प्रेक्षक का हसले ते मात्र समजलं नाही म्हणाले. मास्तर माझ्याशी आठवडाभर बोलले नाहीत. नाटकात नसलेला खोकला मी घातला आणि चौथी भिंत पाडली, हा त्यांचा राग. त्यांना खरं सांगावं असं दोनदा ओठांवर आलं, पण ते सांगणं माझं एकट्याचं नव्हतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी साहेबांनी बोलावलं. नाटकाची चौकशी केली आणि विचारलं, "काल ते लोक एवढे हसले कशाला?"

"मी खोकलो म्हणून, साहेब."

"औषध घ्या," ते म्हणाले, आणि यादीसाठी हात पुढे केला.

यादीत वायरिंग नव्हतं. तीन दिवसांची ताजी मोजणी मी सोबत जोडली होती आणि तिच्यातला प्रत्येक आकडा मी स्वतः घेतलेला होता. सही करताना सरासरीखाली मात्र मी एक ओळ जास्तीची लिहिली होती: मोजणारा शेजारी उभा असताना. साहेबांनी ती वाचली की नाही, मला माहीत नाही. तेव्हापासून मी प्रत्येक कार्डावर ती लिहितो, आणि शॉपमध्ये जाताना दाराबाहेर थोडा थांबतो. आत खोकला झाल्यावरच पाऊल टाकतो.