दुबईचा दिन्या आणि आमचा उंबरा

"गावात उंबरे किती, ते पंच सांगतील. पोरींनी मोजायचं नाही. विचारायचं तर नाहीच!" हा नियम मी फ्रॉक घालायचे तेव्हापासून ऐकतेय. आता एम.कॉम. झाले, तरी तोच! पण विचारायला बंदी घातली की किस्से आपोआप साठत जातात. माझ्याकडे एवढे साठलेत की केबिन रोडला खरेदीला गेलो तरी मैत्रिणी पाणीपुरी खाता खाता विचारतात, "भाऊकाकांचा नवीन काय?"

भाऊकाका म्हणजे पप्पांचे थोरले भाऊ आणि गावचे पंच. गाव म्हणजे भाईंदर पूर्वेच्या टॉवरांमध्ये उरलेली चार गल्ल्यांची वस्ती. आधी भातशेती आणि मिठागरं होती, आता भाडेकरू आहेत. आमच्याकडे घर मोजतात उंबऱ्यावर, आणि उंबरा धरतात बाप्यावर. घरात बाप्या माणूस नसेल, तर तो उंबरा धरत नाहीत. पप्पा गेले तेव्हापासून देवीची पालखी आमच्या दारावरून न थांबता जाते. घर तिथेच, आई तिथेच, मी तिथेच. उंबरा मात्र गेला!

हे मी हसण्यावारी नेलं असतं. पण यंदा गावठाणाची सरकारी मोजणी आली. ज्याचं नाव लागेल, त्याचं प्रॉपर्टी कार्ड. भाऊकाकांनी तोडगा काढला: आमच्या घराला त्यांच्या मुलाचं, दिन्याचं नाव लावायचं. "उंबरा वाचंल," म्हणाले. आई गप्प बसली. मी नाही बसले.

*

दिन्या कित्येक वर्षं दुबईला आहे. तरी गावच्या मोजणीत हजर! त्याची सख्खी बहीण वैशालीताई भाईंदरमधल्याच इंद्रलोक वसाहतीत दिली. रिक्षात बसलं की पोचलंच. पण ती 'बाहेरगावी'.

एकदा गावात दिवसभर लाईट नव्हती. घामाघूम झालेल्या भाऊकाकांनी ताईला फोन लावला, "तुज्याकडं जेवाया येतो गो."

ताई म्हणाली, "बाबा, मी पडले बाहेरगावची. गावातल्या दिन्याकडे जा ना!"

*

मागे एक शिक्षिका घरोघरी माहिती घेत आल्या. पंचांनी त्यांना देवळात बसवून चहा पाजला.

"गावची लोकसंख्या किती असेल, काका?"

"शंभर उंबरे!" आजोबांच्या काळापासून शंभरच. कोणी मेलं तरी शंभर, कोणी वेगळी चूल मांडली तरी शंभर.

"उंबरे नकोत हो, माणसं सांगा."

"बाप्ये सांगू?"

"बायकापोरं धरून, सगळी सांगा."

भाऊकाका विचारात पडले. मग विहिरीकडे वळून ओरडले, "अगो, आपल्यात बाया किती?"

काकू विहिरीवरून ओरडल्या, "कामाला का जेवाया?"

*

गावामागे चाळी आहेत. बिहारी, नेपाळी, गुजराती, सगळे आमचेच भाडेकरू. पाण्याची ओरड झाली की भाऊकाका म्हणतात, "ते हितं ऱ्हातात. गावचे न्हाय."

निवडणुकीत एक उमेदवार आले. त्यांना भाऊकाका हात पसरून चाळी दाखवत होते, "हे समदं आपलंच गाव, साहेब!"

मी विचारलं, "काका, कालपर्यंत तर हे गावचे नव्हते?"

"तू घरात जा," ते म्हणाले. "पाव्हण्यांना पाणी आण."

*

त्याच निवडणुकीत नवी हद्द आमच्या गल्लीतून गेली. भाऊकाकांचं घर एका वॉर्डात आणि गल्लीपलीकडचा त्यांचा संडास दुसऱ्या वॉर्डात! पलीकडच्या उमेदवार ताई चुकून त्यांच्याकडे मत मागायला आल्या.

काकू म्हणाल्या, "मत हकडं हाय, बाय. पण ह्यांना भेटायचं आसंल तर रोज सकाळी तुमच्याच वॉर्डात आसतात!"

*

मोजणीचा दिवस. पुढे पंच, मागे तिपाईवरचं मशीन घेऊन साहेब, त्यांच्यामागे अख्खं गाव. आमच्या दाराशी भाऊकाका थांबले. "लिवा, दिनेश."

"बोलवा त्यांना. घरच्या माणसाने कोपऱ्यावर उभं राहून हद्द दाखवायची असते."

"तो दुबईला हाय. मी दाखवतो."

"मग इथे राहतं कोण?"

मी पुढे झाले. "आई आणि मी. घर माझ्या वडिलांचं."

"तू उद्या लगीन करून जाशील," भाऊकाका म्हणाले.

"दिन्या तर लग्न न करताच गेलाय!"

बायका फिस्सकन हसल्या. भाऊकाका तापले. "गावचा रिवाज हाय. बाप्याबिगर घर मोजत न्हाय. सांग दिन्याचं नाव आनि मोकळी हो."

"नाही सांगणार. मरेपर्यंत नाही सांगणार! साहेब, तुमचं मशीन भिंती मोजतं की मिशा?"

साहेबांनी घसा साफ केला. "भिंती."

"मग लावा."

आईने पदर खोचला, पंचांमधून वाट काढली आणि मोरीच्या कोपऱ्यावर जाऊन ताठ उभी राहिली. साहेबांनी मशीनला डोळा लावला.

"काका, जरा बाजूला व्हा," ते म्हणाले. "तुमच्यामुळे ताई दिसत नाहीत."

भाऊकाका बाजूला झाले.