पट्टीखालची ओळ

पडद्यावर प्रोग्रामचा नवा फॉर्म आला की कोपरेसर आधी त्याचा उजवा खालचा कोपरा माऊसने धरत. खिडकी हाताएवढी बारीक करत, मग पडदाभर ताणत, पुन्हा बारीक करत. बटणं काय करतात हे ते नंतर पाहत. त्यांचं खरं आडनाव वेगळं होतं. ऑफिसात ते कोणी वापरत नसे.

दुष्काळाची वर्षं होती. शहर बीड बायपासच्या पलीकडे सरकत होतं आणि टँकर दोन्हीकडे धावत होते, नव्या बांधकामांवर आणि कोरड्या वस्त्यांवर. सिडकोतल्या दोन खोल्यांत आमची पाच माणसांची कंपनी संगणकाचे प्रोग्राम करून देई. वर्तमानपत्रातली नोकरी सोडून मी तिथे माहितीपुस्तिका लिहायला लागलो होतो. हर्सूलकडची एक सेवाभावी संस्था वस्त्यांना टँकर पाठवत असे. तिच्याकडे आलेल्या अर्जांची यादी दाखवणारा प्रोग्राम कोपरेसरांनी केला होता. सर्वात जुना अर्ज सर्वात वर. टँकर गेला की ओळ यादीतून जाई.

कोपरेसर कन्नडकडचे, मेंढपाळाच्या घरातले. फॉर्मवर पट्ट्या आणि याद्या कशा बसतात, हे ते जीपवरून समजावत. "कन्नडची जीप भरती कशी? मागचे आधी चढतात, मग पुढचे. इथंही तेच. पडद्यावरच्या थरात जो मागं, तो आधी आपली कड धरतो. अन् ज्याला उरलेली सगळी जागा पाहिजे, त्यानं शेवटी चढायचं. तो आधी घुसला की आख्खी जीप त्याची. बाकीचे बसणार कुठं? त्याच्या मांडीवर." हे मी माहितीपुस्तिकेत तसंच घेतलं. मालकांनी मांडी काढायला लावली.

संस्थेत यादी पाहणाऱ्या काझीभाईंना रकान्यांची बारीक नावं वाचता येईनात. कोपरेसरांनी ती बंद केली आणि वरच्या कडेला ठळक अक्षरांची निळी पट्टी बसवली. आमच्याकडच्या रिकाम्या यादीवर ती छान दिसली. कोपरा त्या दिवशीही त्यांनी ओढला होता. मग प्रोग्राम हर्सूलला बसवून आले.

काही दिवसांनी काझीभाईंचा फोन आला. "कोपरेसाब, तांबडमाळवाले रोज आके बैठरे. बोलते, अर्ज दिया. यादी में तो नै. नया डालने गया तो मशीन बोलता, अर्ज पैले से है. अब झूटा कौन, ये लोगां या तुम्हारा मशीन?"

कोपरेसरांनी त्यांना यादीखालचा अर्जांचा एकूण आकडा वाचायला सांगितला, मग दिसणाऱ्या ओळी मोजायला सांगितल्या. एक कमी भरली. ते खुर्चीवरून उठले. "आधी तांबडमाळला टँकर सोडा. आत्ता. दुरुस्ती मागून."

फोन ठेवून ते आम्हाला म्हणाले, "यादी आधी चढली. पट्टी तिच्या मांडीवर बसलीय." पट्टीची उंची नेमकी एका ओळीएवढी होती. तिच्याखालचा अर्ज दिसत नसे म्हणून त्याचा टँकर सुटत नसे, आणि टँकर सुटत नसे म्हणून तो तिथेच राही. त्याच्या खालच्या वस्त्यांना पाणी वेळेवर जात होतं.

मालक म्हणाले, "यादीत वर एक रिकामी ओळ टाका. कशाला एवढं?"

"नाय साहेब. ही दुरुस्ती नव्हं, पांघरूण झालं. उद्या कोणी पट्टीचं अक्षर मोठं केलं की दुसरी वस्ती झाकली जाईल."

हर्सूलला त्यांनी पट्टी थरात मागे पाठवली. पट्टीने आधी वरची कड धरली, यादी तिच्याखाली सरकली. काम दोन मिनिटांचं होतं. मग आपल्या चाचणीच्या यादीत चाळीस खोटी नावं भरून त्यांनी कोपरा ओढत पहिली ओळ तासभर तपासली. तिथून ते बाहेर पडले ते थेट जीपस्टँडवर. मी सोबत होतो.

तांबडमाळला टँकर रिकामा होत होता. ड्रम, घागरी आणि मागे मेंढरांचा गलका. कोपरेसर रांगेतल्या एका म्हातारीपुढे उभे राहिले. "मावशी, अर्ज तुमचा होता. माझ्या हातनं झाकला गेला. काझीभाईंची चूक नाय. मी रिकामी यादी बघून आलो, भरलेली पाहिलीच नाय."

"आमी त्या काझीला लई शिव्या दिल्या की रं," म्हातारी म्हणाली. मग तिने त्यांना नीट न्याहाळलं. "कोणाच्या घरचा तू?"

"मेंढरंवाल्यांच्याच, मावशी. कन्नडकडचा."

"व्हय? मग मेंढरांचं वाडगं रिकामं असताना मोजतात का कधी? मेंढरं आत जाताना दारात उभं राहून मोजतात. बापानं शिकवलं नाय?"

कोपरेसर म्हणाले, "शिकवलं व्हतं."

"दोन कोकरं गेली पाण्यावाचून," ती म्हणाली आणि घागर उचलून चालू लागली.

दुसऱ्या दिवसापासून कोपरेसरांनी रिकाम्या यादीवर काहीही तपासलं नाही. औषधांच्या दुकानाचा प्रोग्राम असो की शाळेचा, चाचणीच्या यादीत पहिली ओळ एकच असे: तांबडमाळ. मालक हसत. "गोळ्यांच्या यादीत गाव कशाला?" कोपरेसर म्हणत, "दारात उभं राहायला."

पुढे कंपनी बंद पडली. कोपरेसर कन्नडला गेले आणि तिथेच वारले. मला ते बऱ्याच उशिरा कळलं. तोवर मी पुन्हा वर्तमानपत्रात आलो होतो. तिथल्या जाहिराती नोंदवण्याचा जुना प्रोग्राम त्यांच्याच हातचा निघाला. तो सांभाळायला आलेल्या इंजिनिअर बाईंनी एकदा विचारलं, चाचणीच्या यादीत वर हे गाव कसलं, पुसून टाकू का?

मी त्यांना आधी खिडकीचा कोपरा ओढायला सांगितला. त्यांनी खिडकी हाताएवढी बारीक केली, मग पडदाभर ताणली. तांबडमाळ दोन्ही वेळा दिसत होतं.

"राहू द्या," मी म्हणालो.