चितेच्या प्रसंगाखाली लग्नाचा आवाज

आमच्या बेटेगावचा केदार सिनेमाला संगीत देतो म्हटलं की लोक विचारतात, गाणं कुठलं? एकही नाही! भजनी मंडळात पेटीवर बसायचा तेव्हाही अभंग पुढे निघून जायचा आणि हा एकच काळी पट्टी दाबून ऐकत बसलेला. बुवा ओरडायचे, "अरे, पेटी हाय का डास?" मग बोईसरचा ऑर्केस्ट्रा, मग मुंबई, आता सात सिनेमे झाले. तारापूरच्या कारखान्यांची घरघर, रिकाम्या खोलीतली शांतता रेकॉर्डरवर घेतो आणि प्रसंगाखाली अशी पसरतो की बघणाऱ्याला कळत नाही, आपण खुर्चीत पुढे का सरकलो.

दोन वर्षांपूर्वी त्याला चितेचा प्रसंग आला. "आजोबा, बाईमाणसाचा आवाज पाहिजे. शब्द नकोत, नुसता दम."

मी गावातला म्हातारा पोस्टमन, मासवणला तीस वर्षं टपाल वाटलेलं. त्याला नवसीकडे नेलं. नवसी धवलेरी, म्हणजे गाण्याने लग्न लावणारी बाई; वारल्यांच्या लग्नात भिंतीवर तांदळाच्या पिठाने चौक लिहिला की त्याच्यापुढे ती गाते, तेव्हा लग्न लागतं. एका मांडवात केदारने तिला विचारून आवाज घेतला. "सिनेमासाठी" एवढंच म्हणाला. हा आवाज मढ्याजवळ नेत नाहीत, हे मला ठाऊक होतं. परतताना सांगणारच होतो. तेवढ्यात तो म्हणाला, "आभारात तुमचं नाव टाकतो." मी गप्प बसलो. खोटं कशाला बोलू, आनंदाने गप्प बसलो.

त्याने आवाज निम्म्या वेगावर आणला. शब्द विरघळले, गळा नवसीचाच राहिला. सिनेमा मोबाईलवर आला, नवसीची नात दीपिका बघत होती आणि शेजारी बसलेल्या आजीने स्वतःला ओळखलं. मग गावाने ओळखलं. त्या वर्षी तिला एकाही मांडवात बोलावणं आलं नाही. केदारने निर्मात्याचे पाय धरून आवाज काढायला लावला. पण लोकांनी ऐकला होता.

यंदा दीपिकाचं लग्न ठरलं. आम्ही दोघे मासवणला गेलो.

केदार म्हणाला, "आजी, चूक माझी. नातीच्या लग्नात तरी गा."

"सोयरे नाय म्हणतात. कोळगावची बाय येणार हाय." तिने त्याच्यापुढे चहा सरकवला. "पोरा, तू आयकतोस चांगला, पन इचारत नाय." मग माझ्याकडे वळली. "दिनाभाऊ, याला ठावं नव्हतं. तुला?"



"होतं."

"मंग बोलला का नाय?"

आभारातल्या नावाचं सांगितलं.

"आलं का नाव?"

"आलं. दोन सेकंद."

ती हसली. ओरडली असती तर बरं झालं असतं.

लग्नाला गेलो. केदारने रेकॉर्डर घरीच ठेवलेला. कोळगावची बाई चांगली गात होती, पण मध्येच एका ओळीवर अडली. चौकापुढे सगळे थांबले. मागे बायकांत बसलेली नवसी उठली, तोंडाला पदर लावून तिच्या कानाशी वाकली, पुढची ओळ सांगितली आणि पुन्हा जागेवर जाऊन बसली.